आधी सांगा, मग विका

शेतजमिनीचं कुठलंही खरेदीखत काढून बघा. चतुःसीमा झाल्या की एक वाक्य येतंच येतं: ‘सदरची मिळकत आम्ही आमच्या कौटुंबिक गरजेपोटी, मुलांच्या शिक्षणासाठी, देणी भागवण्यासाठी व उर्वरित जमिनीच्या सुधारणेसाठी विकत आहोत.’ मुलं नोकरीला लागून दहा वर्षं झाली असली तरी वाक्य तेच, कारण मजकूर मागच्या खतावरून उतरवलेला असतो. मग त्याच खरेदीखताला आव्हान देणारा दावा काढा. तिथं दुसरं वाक्य: ‘प्रतिवादी क्रमांक 1 यांना दारूचे व जुगाराचे व्यसन असून त्यांनी कुटुंबाची कोणतीही कायदेशीर गरज नसताना, केवळ आपल्या चैनीखातर, दावा मिळकत प्रतिवादी क्रमांक 2 यांना कवडीमोल किमतीत विकली आहे.’ प्रतिवादी क्रमांक 1 म्हणजे बाप. वादी म्हणजे त्याचा मुलगा, कधी मुलगी.

बावीस वर्षं तालुक्याच्या कोर्टात दिवाणी वकिली करताना ही दोन्ही वाक्यं मी पुष्कळ वेळा लिहिली. पहिल्याचं फारसं काही वाटत नाही. दुसरं लिहिताना मात्र समोर बसलेल्या पोराला मी विचारायचो, “बाप खरंच पितो का रे?” पोरगा खाली बघायचा. “कधीमधी. यात्रेला वगैरे.” मग मी त्याला समजावायचो, की विक्रीची गरज नव्हती म्हणायचं तर पैसा गेला कुठं हेही सांगावं लागतं. असं करत यात्रेला एखादा पेला घेणारा माणूस कोर्टाच्या कागदावर कायमचा दारुडा होऊन बसतो. त्याची नात वीस वर्षांनी नक्कल काढेल तेव्हा आजोबा तिला त्या कागदात तसेच भेटणार.

पुराव्याशिवाय ते वाक्य लिहायचं मी आता सोडलंय. पण हा प्रश्न एका वकिलाच्या सवयीपुरता नाही. आपला कायदाच असा बसलाय की विक्री होण्याआधी तो बापाला एक शब्द विचारत नाही आणि विक्री झाल्यावर सगळं विचारतो: का विकली, कुणाला विचारलं, पैशांचं काय केलं, पावत्या कुठायत. उत्तरं द्यायला माणसं जिवंत असतील, कागद शाबूत असतील याची खात्री नसताना विचारतो. हा क्रम उलटा केला पाहिजे, असं मला ठामपणे वाटतं. बापाचा किंवा आईचा विकायचा अधिकार कमी करा असं मी म्हणत नाही. घरातल्यांना न सांगता विकता येतं, ते बंद करा.

माझ्या एका पक्षकाराचं सांगतो. ओळख पटू नये म्हणून तपशील थोडे बदललेत. गावात सगळे त्यांना तात्या म्हणतात, मीही तेच म्हणतो. भावाभावांच्या वाटणीत आलेल्या जमिनीपैकी सव्वा एकर त्यांनी विकली. बायकोची मूत्रपिंडं निकामी झाली होती, आठवड्यातून दोनदा डायलिसिस, तालुक्यापासून जिल्ह्याला जाऊन-येऊन जीप. ती पुढं दीड वर्ष जगली. ती गेल्यानंतर चार वर्षांनी गावाजवळचा रस्ता रुंद झाला, भाव कुठल्या कुठं गेला आणि मुलानं दावा लावला. तात्या पहिल्यांदा माझ्याकडं आले तेव्हा हातात कापड दुकानाची प्लॅस्टिकची पिशवी होती. सातबारा, फेरफार, खरेदीखताची नक्कल, आणि तळाशी दवाखान्याच्या पावत्यांचा रबरबँड लावलेला गठ्ठा. मी रबरबँड काढला. औषधांच्या दुकानातल्या त्या गुळगुळीत कागदाच्या पावत्या होत्या. सगळ्या कोऱ्या. छपाई उडून गेली होती. एकीवर फक्त दुकानाच्या नावातली दोन अक्षरं दिसत होती. तात्यांनी ती माझ्यासमोर उन्हाकडं धरली आणि म्हणाले, “वकीलसाहेब, यात सगळं होतं.”

आता कायदा काय म्हणतो ते बघू. हिंदू एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत कर्त्याचा, म्हणजे घराचा कारभार बघणाऱ्याचा, अधिकार कुठवर, हे मुख्यतः 1856 सालच्या एका निकालावर उभं आहे. हनुमानप्रसाद पांडे यांच्या त्या खटल्यात लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलनं, म्हणजे इंग्रजी अमदानीतल्या सर्वांत वरच्या अपील कोर्टानं, सांगितलं, की मिळकत सांभाळणाऱ्याला ती विकता किंवा गहाण टाकता येते, पण कुटुंबाची गरज असेल किंवा मिळकतीचं हित असेल तरच. आणि खरेदी करणाऱ्यानं गरजेची प्रामाणिक चौकशी केली असेल तर पुढं पैसा कुठं गेला याची जोखीम त्याच्यावर नाही. निकाल समंजस होता. पण गरज होती किंवा आपण चौकशी केली हे सिद्ध करण्याचं ओझं खरेदीदारावर आलं, आणि ते सिद्ध करायची वेळ येते पुष्कळ उशिरा. बापाच्या विक्रीला आव्हान द्यायला 1963 च्या मुदत कायद्यानं बारा वर्षं दिलीत, तीही खरेदीदाराला ताबा मिळाल्यापासून. मूल तेव्हा लहान असेल तर सज्ञान झाल्यावर निदान तीन वर्षं आहेतच.

बारा वर्षं ही फक्त दावा लावायची मुदत. चालायला किती लागतात? लुधियाना जिल्ह्यातल्या एका बापानं 1960 साली 164 कनाल, म्हणजे साधारण साडेवीस एकर, जमीन 19,500 रुपयांना विकली. डोक्यावर तगाईचं (सरकारी शेतकर्ज) आणि इतर कर्ज होतं, उरलेल्या शेताची सुधारणाही करायची होती. मुलानं 1964 साली दावा लावला. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला 20 ऑगस्ट 2018 रोजी: कर्ज होतं, गरज होती, विक्री कायम. विक्रीपासून अठ्ठावन्न वर्षं. दावा लावणारा मुलगा तोवर वारला होता, वारस लढत होते. केहरसिंग यांचा हा खटला आम्ही वकील ‘गरज म्हणजे काय’ याचा दाखला म्हणून वापरतो. मला त्यात त्या घराची तीन पिढ्यांची फरफट जास्त दिसते. जे कर्ज 1960 साली गावातल्या कुणालाही ठाऊक असणार, ते सिद्ध व्हायला एवढं आयुष्य गेलं.

कुणी म्हणेल, मुलाला आधीच कळलं आणि तो विक्रीआधी कोर्टात गेला तर? तर कोर्ट त्याला बहुधा परत पाठवतं. 1988 साली सुनीलकुमार विरुद्ध रामप्रकाश या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं, की कर्त्याला मिळकत विकण्यापासून रोखणारा मनाई हुकूम मुलाला मिळणार नाही, विक्री झाल्यावर तिला आव्हान द्यावं. त्यामागं विचार आहे. बाप दवाखान्याच्या बिलासाठी विकायला निघाला आणि मुलानं निशाणी 5 खाली, म्हणजे तात्पुरत्या मनाईसाठी, अर्ज टाकून हात बांधले, तर घर चालणार कसं? कर्ता म्हटलं की त्याच्यावर विश्वास ठेवावा लागतो. हे मला पटतं. पण परिणाम बघा. कायदा मुलाला सांगतो, आत्ता गप्प बस, व्यवहार होऊ दे, पैसा खर्च होऊ दे, घेणारा विहीर खणू दे, बांधकाम करू दे, मग ये. आलास की बापानं उधळपट्टी केली असं लिहून आण. भांडण टाळता येण्यासारखं असतं तेव्हा दार बंद आणि भांडण घट्ट झालं की सताड उघडं.

यात आणखी एक गुंता आहे तो ‘वडिलोपार्जित’ या शब्दाचा. गावात आजोबांची जमीन म्हणजे वडिलोपार्जित, आणि वडिलोपार्जित म्हणजे नातवाचा जन्मापासून हिस्सा, असं सरळ गणित आहे. कायद्याचं गणित तसं नाही. 1956 च्या हिंदू वारसा कायद्यानंतर आजोबा मृत्युपत्र न करता वारले आणि त्यांची स्वकष्टार्जित जमीन कलम 8 खाली वडिलांकडं आली, तर ती वडिलांची स्वतःची. त्यात नातवाला जन्मानं काही मिळत नाही. चंदर सेन यांच्या खटल्यात 1986 साली सर्वोच्च न्यायालयानं हे स्पष्ट केलं आणि पुढं पुनःपुन्हा तेच सांगितलं. उलट भावाभावांच्या वाटणीत बापाकडं आलेली एकत्र कुटुंबाची जमीन मात्र त्याच्या मुलांपुरती वडिलोपार्जितच राहते. एकाच गावात, एकाच बांधाला लागून असलेल्या दोन शेतांपैकी एक बाप मनाला येईल तेव्हा विकू शकतो आणि दुसरं फक्त गरज असेल तर, आणि सातबाऱ्यावर बघाल तर दोन्हींवर नाव त्याचं एकट्याचंच. माझ्याकडं दाव्यासाठी येणाऱ्या दहा मुलांपैकी चार-पाच जणांना मी इथंच थांबवतो. ती जमीन वडिलांची स्वतःची आहे, तुमचा हक्क त्यांच्यानंतर, तेही त्यांनी काही ठेवलं तर. ते ऐकून काही जण खरंच चकित होतात. काही जण माझ्याकडून उठून दुसऱ्या वकिलाकडं जातात.

सातबाऱ्याचं म्हणाल तर जुन्या उताऱ्यांवर ‘ए.कु.मॅ.’ अशी अक्षरं दिसतात: एकत्र कुटुंब मॅनेजर. म्हणजे नाव थोरल्या भावाचं, पण तो सगळ्यांच्या वतीनं. पुढं हस्तलिखित उतारे संगणकावर चढले, फेरफार झाले, कुठं ही अक्षरं राहिली, कुठं गळाली, आणि गळाली तिथं थोरला एकटाच मालक दिसायला लागला. सातबारा हा मालकी हक्काचा पुरावा नाही, महसुलासाठीची नोंद आहे, असं कोर्टं वर्षानुवर्षं सांगत आलीत. पण जमीन घेणारा माणूस काय बघून इसार, म्हणजे सौद्याची आगाऊ रक्कम, देतो? सातबाराच बघून.

मुलींचा प्रश्न याहून अवघड. महाराष्ट्रानं 22 जून 1994 पासून अविवाहित मुलींना जन्मानं हिस्सा दिला. 9 सप्टेंबर 2005 च्या केंद्रीय दुरुस्तीनं लग्न झालेल्या-न झालेल्या सगळ्याच मुलींना दिला. 11 ऑगस्ट 2020 च्या विनीता शर्मा निकालानं उरलेली शंका काढली: हक्क जन्मानं, 9 सप्टेंबर 2005 ला बाप जिवंत असण्याची गरज नाही. 20 डिसेंबर 2004 च्या आधी झालेल्या विक्री आणि वाटण्या तेवढ्या सुरक्षित. कागदावर हे उत्तम आहे, आणि मी त्याचा मनापासून समर्थक आहे. पण हक्क असलेल्या मुलीला विक्रीची बातमी कोण देतं? खरेदीखत नोंदलं गेल्यावर फेरफार धरला जातो, तलाठी नमुना 9 ची नोटीस काढतो आणि हरकतीला पंधरा दिवस देतो. ही नोटीस जाते उताऱ्यावर ज्यांची नावं आहेत त्यांना. लेकीचं नाव उताऱ्यावर नसतंच. घेणाऱ्याचा वकील सावध असेल तर वर्तमानपत्रात जाहीर नोटीस देतो. ती येते जिल्ह्यातल्या कुठल्या तरी छोट्या दैनिकात, आतल्या पानावर, बारीक टायपात. सासर सुरतेला असलेली बहीण ते दैनिक वाचणार आहे का?

एका बाईंना हे कळलं ते भाऊबीजेला. माहेरी आल्या, संध्याकाळी सवयीनं मळ्याकडं गेल्या, तर विहिरीच्या अलीकडंच सिमेंटचे खांब आणि तारेचं कुंपण, आत जेसीबी उभा. त्यांनी पुढं काय केलं ते मला सांगितलं होतं: परत येऊन ताट तयार केलं, भावाला ओवाळलं, आणि ओवाळणीत आलेली पाचशेची नोट घेऊन सोमवारी माझ्याकडं आल्या. वकीलपत्रावर सही करताना रडत होत्या. मी विचारलं, तुम्हाला आधी सांगितलं असतं तर? म्हणाल्या, “दादाला अडचण होती, मला ठाऊक होतं. मी सही दिली असती. पण मला वगळलं.”

दाव्यांच्या फायलींमध्ये हे कुठंच लिहिलेलं नसतं. तिथं हिस्सा, क्षेत्र, मूल्यांकन असतं. हावरट मुलं असतात, भाव चढला म्हणून बापाची जुनी विक्री उकरणारेही असतात, आणि त्यांच्या मागं पैसा लावणारे दलालही असतात. हे सगळं मी जवळून पाहिलंय. पण पुष्कळ घरांत भांडणाची सुरुवात पैशापासून होत नाही. सुरुवात होते ती बातमी बाहेरून कळण्यापासून.

विकण्याआधी घरात सांगावं, हे आपल्याकडं पूर्वी कुणाला सुचलं नव्हतं असं नाही. ज्या मिताक्षरेवर आपला एकत्र कुटुंबाचा कायदा उभा आहे ती विज्ञानेश्वरानं कल्याणीच्या चालुक्यांच्या राजवटीत लिहिली, नऊशे वर्षांपूर्वी, आपल्या सोलापूरच्या पलीकडं, आजच्या बसवकल्याणला. घरातला एकटा माणूस स्थावर कधी विकू शकतो? आपत्काल, कुटुंबाची गरज, धर्मकार्य, ही तिथली तीन कारणं कोर्टात आजही चालतात. पण त्याच ग्रंथात आणखी दोन गोष्टी आहेत. एक, सगळ्या मुलांना एकत्र बोलावल्याशिवाय स्थावराचं दान किंवा विक्री करू नये, स्वतः कमावलेलं असलं तरी. आणि दोन, जमीन हस्तांतरित होताना गाव, भाऊबंद, शेजारी, वारस यांची अनुमती घ्यावी. ही अनुमती कशासाठी, हेही विज्ञानेश्वर सांगतो. गावाची अनुमती घ्यायची ती व्यवहार उघड व्हावा म्हणून, तिच्यावाचून विक्री अडत नाही. वेगळ्या झालेल्या भाऊबंदांची घ्यायची ती पुढं ‘हे विभक्त होते की एकत्र’ असा संशय राहू नये, व्यवहार सोपा व्हावा म्हणून.

हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा दोन दिवस डोक्यातून गेलं नाही. आमच्या कोर्टात जो वाद दहा-दहा वर्षं चालतो, विभक्त की एकत्र, तो होऊ नये म्हणून आधी सांगा, असं त्या माणसानं तेव्हाच लिहून ठेवलं होतं. इंग्रजी अमदानीत या ग्रंथातून गरजेची कसोटी उचलली गेली, मुलांना बोलावण्याचं वचन मात्र नुसता नैतिक उपदेश ठरलं. बापाच्या स्वकष्टार्जित स्थावराबाबत तर प्रिव्ही कौन्सिलच्या 1898 च्या निकालानं ते पुरतंच बाजूला पडलं. स्वकष्टार्जितापुरतं ते बरोबरच झालं असं मी म्हणेन. ज्यानं घाम गाळला त्याला कुणाला विचारायची सक्ती नको. पण एकत्र मिळकतीलाही आपण तोच न्याय लावला.

शेजारच्या गोव्यात दुसरं टोक आहे. तिथं 1867 च्या पोर्तुगीज नागरी संहितेपासून चालत आलेल्या नियमानुसार स्थावर विकताना नवऱ्याला बायकोची आणि बायकोला नवऱ्याची संमती लागते. आई-बापानं एका मुलाला काही विकायचं म्हटलं तर बाकीच्या मुलांची मान्यता हवी. तिथल्या नात्यातल्या माणसांकडं मी हे पाहिलंय: खरेदीखताच्या टेबलाशी दोघंही बसतात, बाईला विचारलं जातं, बाई वाचते, मग सही करते. त्या एका सहीनं घरातल्या बाईचं वजन किती बदलतं! पण वारसा मोकळा करताना दहा देशांत विखुरलेल्या वीस वारसांच्या सह्या गोळा होत नाहीत म्हणून बंद पडलेली मोठी घरंही गोव्यातच दिसतात. म्हणून प्रत्येकाच्या संमतीची अट महाराष्ट्रात आणा असं मी म्हणणार नाही. संमती मागितली की एकेका सहीचा भाव सुरू होतो.

मला हवी आहे ती फक्त नोटीस. वारसानं किंवा वाटणीनं आलेली जमीन किंवा घर विकायचं असेल, तर इसार होताच पती किंवा पत्नीला आणि सगळ्या सज्ञान मुलामुलींना कळवायचं: कुणाला, किती क्षेत्र, काय किमतीला, कशासाठी. नोंदणीकृत टपालानं आणि मोबाइलवर, दोन्हीकडं. तीस दिवस. ती मिळाल्याचा कागद खरेदीखताला जोडायचा. जो गप्प बसला त्यानं पुढं घेणाऱ्याविरुद्ध ‘गरज नव्हती’ म्हणायचं नाही. हिशेब मागायचा तर बापाकडं मागावा. ज्यानं हरकत घेतली त्याची हरकत खताला जोडली जाईल, विक्री हवी तर होईल, पण दावा लावायचा तो वर्षाच्या आत, बारा वर्षांनी नाही. आणि ज्याला नोटीसच गेली नाही त्याचे आजचे सगळे हक्क जसेच्या तसे. मग नोटीस द्यायची काळजी खरेदीदारच घेईल, कारण फायदा त्याचा.

‘दुय्यम निबंधकानं, म्हणजे खरेदीखत नोंदवणाऱ्या अधिकाऱ्यानं, हक्क तपासायचे नाहीत’ असा आक्षेप लगेच येईल. तमिळनाडूनं विक्रेत्याच्या मालकीचे कागद दाखवल्याशिवाय नोंदणी नाकारायचा नियम केला होता, तो सर्वोच्च न्यायालयानं एप्रिल 2025 मध्ये रद्द केला, कारण नोंदणी कायद्यानं मालकी ठरवायचं काम निबंधकाला दिलेलंच नाही. निकाल योग्य आहे. पण मी म्हणतो त्यात निबंधकानं काही ठरवायचं नाही. मोठ्या रकमेच्या व्यवहाराला जसा पॅन क्रमांक लागतो, तसा आणखी एक कागद आहे की नाही एवढंच बघायचं. त्यासाठी नियम नाही, नोंदणी कायद्यातच राज्यानं दुरुस्ती करावी लागेल.

‘तेवढा वेळ कुठं असतो’ हा दुसरा आक्षेप. मी इतकी वर्षं व्यवहार बघतोय. इसार पावती आणि खरेदीखत यांच्यात दोन-तीन महिने सहज जातात: मोजणी, बँकेचं कर्ज, कुणाचं तरी आधार कार्डवरचं नाव चुकलेलं. तीस दिवस त्यातच बसतात. खरोखर जिवावर बेतलेलं असेल तर सात दिवसांची सोय ठेवता येईल.

तिसरा आक्षेप मात्र मी मनावर घेतो. बाप म्हणतो, माझ्याच घरात मी पोराला नोटीस पाठवायची? तात्याही हेच म्हणाले होते. त्यांच्या पिढीला नोटीस म्हणजे अपमान. ज्यानं पोराला खांद्यावर बसवून जत्रा दाखवली त्यानं त्याला टपालातून कळवायचं? यावर माझ्याकडं गोड उत्तर नाही. एवढंच सांगतो, की नोटीस टाळता येते. मुलाला खरेदीखतात ‘मान्यता देणार’ म्हणून उभं केलं, मुलीला बोलावून सही घेतली, तर नोटिशीचं काम पडत नाही. ज्या घरात बोलणं आहे तिथं हा कागद लागणारच नाही. जिथं बोलणं तुटलंय तिथं तो लागेल, आणि तिथं आज ना उद्या कोर्टाचं समन्स जाणारच असतं. त्या समन्सपेक्षा ही नोटीस बरी.

आणि धमकावणारी मुलं? तीही आहेत. नोटीस मिळताच बापाच्या उशाशी येऊन बसतील, ‘माझे दहा लाख वेगळे काढा’ म्हणतील. पण हरकतीनं विक्री थांबत नाही, हे कायद्यात ठळक लिहिलं की त्या धमकीतला जोर जातो. शिवाय स्वकष्टार्जित मिळकतीला ही नोटीस लागूच नाही. म्हाताऱ्या आई-बापांनी स्वतःच्या पैशानं घेतलेलं घर विकून उरलेली वर्षं सुखानं काढायची ठरवली, तर मुलांचा त्यात काही संबंध नाही, आणि तो कायद्यानं निर्माणही करू नये. अशा दोन-तीन म्हाताऱ्यांची कामं मी पैसे न घेता चालवलीत.

हे सगळं होईल तेव्हा होवो. तोवर राज्याला आजही एक गोष्ट करता येईल. 2025 मध्ये ‘जिवंत सातबारा’ मोहिमेत मयत खातेदारांची नावं कमी करून वारसांची लावायला सुरुवात झाली. गावोगाव वारसांच्या याद्या तयार होऊ लागल्या. त्याच याद्यांमध्ये लेकींचे मोबाइल क्रमांक घ्या, आणि त्या गटावर खरेदीखत नोंदायला आलं की सगळ्यांना संदेश जाऊ द्या. बँक दहा रुपये कापले तरी संदेश पाठवते. सव्वा एकर गेली तरी लेकीला काही कळत नाही.

तात्यांच्या दाव्यात मागच्या महिन्यात मुलाचा उलटतपास झाला. दवाखान्यानं जुनी नोंदवही काढून दिली होती, त्यात आठवड्याला दोन अशा तारखा होत्या. मी एकेक तारीख वाचत गेलो आणि विचारत गेलो, या दिवशी तुमच्या आई तिथं होत्या हे बरोबर? तो “बरोबर” म्हणत गेला. बाराव्या-तेराव्या तारखेला त्याचा आवाज बसला. न्यायाधीशांनी त्याला पाणी द्यायला सांगितलं.

बाहेर व्हरांड्यात तो माझ्याजवळ आला. असं पक्षकारांनी समोरच्या वकिलाशी बोलू नये, मी त्याला तसं म्हणालोही. पण तो बोललाच. “मी चाकणला कंपनीत होतो. आईचं सगळं मला माहीत होतं. जमीन विकली ते मला चहाच्या टपरीवर कळलं, घेणाऱ्याच्या पुतण्याकडून. तो हसत होता.” तात्या चार पावलांवर बाकावर बसले होते, ती पिशवी मांडीवर घेऊन. त्यांना ऐकू गेलं की नाही कळलं नाही. पुढची तारीख पडली आहे. चारच्या एसटीला दोघंही गेले, गावाला तेवढी एकच गाडी आहे.